बरगडीतून दंडाकडे

‘हाड शाबूत आहे.’ गाडीवरून पडून खांदा आपटलेल्या माणसाला हे वाक्य ऐकवलं जातं आणि त्याचं सगळं घर निर्धास्त होतं. आमचंही झालं. म्हणून आधीच सांगते. हाड शाबूत असेल आणि तरीही हात उचलत नसेल, तर निर्धास्त होऊ नका. हाडाच्या फोटोत नस दिसत नाही. नसांच्या डॉक्टरकडे जा आणि लवकर जा. पुढचं वाचायला सवड नसेल तर एवढं वाचलंत तरी माझं काम झालं.

ज्यांचा हात आज लोंबतो आहे त्यांच्याकडे सवड भरपूर असते, हे मला ठाऊक आहे. पुढचं त्यांच्यासाठी. ‘धीर धर, सगळं चांगलं होईल’ असं मी कुठेही म्हणणार नाही. माझ्या उशाशी बसून असं म्हणणाऱ्या प्रत्येकाचा मला राग आला होता.

पडले ती जागा

आमचं गाव रत्नागिरी-कोल्हापूर रस्त्यावरून आत, पालीपासून जवळ. आई अंगणवाडी सेविका. बाबा मुंबईला एका इमारतीवर पहारेकरी. आईच्या संघटनेची पत्रकं गठ्ठ्याने घरी यायची आणि उरलेल्या कागदांची कव्हरं माझ्या वह्यांना बसायची. ‘कमळ’ लिहायच्या आधी मला ‘निषेध’ वाचता येत होता. मोठी झाल्यावर तीच पत्रकं मी लिहायला लागले, आणि त्यासोबत दोन-तीन छोट्या मासिकांत लेखही.

एप्रिलमध्ये, आंब्याच्या गाड्या रात्रंदिवस धावत असताना, मी रत्नागिरीहून स्कूटरवरून घरी येत होते. रस्ता अर्धा नवा, अर्धा जुना. वळणावर खडी पसरलेली. स्कूटर घसरली आणि मी उजव्या खांद्यावर पडले. डोकं एकीकडे फेकलं गेलं, खांदा दुसरीकडे. मान आणि खांदा असे विरुद्ध दिशांना ओढले गेले की मधल्या नसा ताणतात, फाटतात, कधी मणक्यापासूनच उपटून निघतात. हे मला फार पुढे समजलं.

सगळे याला अपघात म्हणतात. मी म्हणत नाही. खडी आभाळातून पडत नाही. ती कुणीतरी ओततं, फलक लावायचा कंटाळा करतं आणि निघून जातं.

रुग्णालयात फोटो काढला. हाड शाबूत. हात गळ्यात बांधून दिला आणि सूज उतरली की हात येईल असं सांगितलं. सूज उतरली. हात आला नाही. बोटं हलत होती, अर्ध्या जोराने. पण कोपर वाकत नव्हतं आणि खांदा उचलत नव्हता. मोठ्या काकूंनी शेजारच्या गावातला चोळणारा माणूस सुचवला. तो ‘शीर आखडलीय’ म्हणाला आणि रोज तेल लावून दंड रगडायला लागला. वर गरम विटेचा शेक. मी दात आवळून बसायचे, कारण दुखलं म्हणजे गुण येतो असं सगळे सांगत होते.

एका सकाळी आईने माझी बाही वर केली आणि ती थबकली. दंडाच्या बाहेरच्या बाजूला लिंबाएवढा फोड आला होता. विटेने भाजलं होतं आणि मला पत्ताच नव्हता. त्या जागेला काही कळतच नव्हतं. आईने तेलाची बाटली उचलून परसात नेली आणि माडाच्या मुळाशी ओतली.

“चल,” एवढंच म्हणाली.

कागदावर काढलेलं झाड

नसांचे एक डॉक्टर कोल्हापूरहून ठरावीक वारी रत्नागिरीत येतात असं कळलं. तोवर जून अर्धा उलटला होता. त्यांनी कोपराला हातोडी मारली, मला खांदे उडवायला लावले, पिसाने ठिकठिकाणी स्पर्श करून ‘कळतंय का’ असं विचारलं. मग सुया टोचून करायची नसांची तपासणी आणि मानेचा एमआरआय करून आणायला सांगितलं.

दोन्ही तपासण्या घेऊन परत गेलो त्या दिवशी त्यांनी कोऱ्या कागदावर एक आडवं झाड काढलं. पाच मुळं मानेतून निघतात, त्यांची एक जुडी होते आणि तिच्या फांद्या खांद्यापासून बोटांपर्यंत जातात. वरच्या दोन मुळांवर त्यांनी फुली मारली. ती मणक्यापासून तुटली होती. तिसऱ्यावर अर्धी फुली. चोळून, औषधाने किंवा वाट पाहून तुटलेलं मूळ परत चिकटत नाही. दुसरीकडची चालू नस आणून मेलेल्या वाटेला जोडावी लागते. आणि त्यालाही मुदत असते. नस मिळाली नाही तर स्नायू वाळत जातो. सहा महिन्यांच्या आत शस्त्रक्रिया झाली तर आशा चांगली. वर्ष उलटलं की नस आणूनही उपयोग नाही, कारण ती ज्याला हलवणार तो स्नायूच उरलेला नसतो.

आईने बैठकीत विचारावेत तसे प्रश्न विचारले. कुठे, किती वेळ लागेल, नाहीच जमलं तर काय. मी एकच विचारला. लिहिता येईल का?

डॉक्टर प्रामाणिक होते. म्हणाले, “बोटं राहतील. पण काही केलं नाही, तर हात टेबलावर दुसऱ्या कुणीतरी ठेवून द्यावा लागेल. कायमचा.”

परतीच्या एसटीत आई खिडकीशी बसली होती. तिने माझा हात स्वतःच्या मांडीवर घेतला होता, बाजारातून आणलेली पिशवी घ्यावी तसा. मी मनात महिने मोजत होते. मे, जून, जुलै.

ओझं

लोकांना वाटतं, हात गेला म्हणजे हात नसतो. उलट आहे. तो असतो, आणि किती असतो! झोपताना तो कुठे ठेवायचा हा प्रश्न असतो. कुशीवर वळलात तर तो मागे राहतो आणि खांदा सांध्यातून खाली ओढतो. चालताना तो दारावर, बाकावर, म्हशीच्या शिंगावर आपटतो. आणि जिथे काही कळत नाही, तिथेच दुखतं. गरम तव्यावर धरल्यासारखी आग, मध्येच विजेचा झटका. त्यासाठी वेगळ्या गोळ्या असतात, नेहमीच्या दुखण्याच्या गोळ्यांनी काही होत नाही. ‘नाटक करते’ असं कुणी म्हणालं तर त्याला हा परिच्छेद वाचायला द्या.

सलवारीची नाडी आई बांधायची. वेणी आई घालायची. ब्रा घालणं मी सोडून दिलं. रोज सकाळी आई अंगणवाडीत जायच्या आधी माझा उजवा हात उचलून टेबलावर, लॅपटॉपच्या कळांवर ठेवायची. बोटं जमेल तशी टाइप करायची. हात घसरून मांडीवर पडला की डाव्या हाताने उचलून परत ठेवायचा. पुढे पुढे तर ती गेल्यावर एकदा हात घसरला की मी तसाच राहू द्यायचे. घर शांत असायचं. पडवीतून दिसणारी वाट गावाबाहेर जायची आणि मी तिच्याकडे बघत बसायचे. स्कूटर चालवणारी, मोर्च्यात पुढे असणारी, आता स्वतःच्या अंगात कोंडलेली. राग यायचा, पण ज्याच्यावर काढावा असा कुणी घरात नसायचा. मग आई आली की तिच्यावर निघायचा.

डावा कौल

बाबांना फोनवर सगळं सांगितलं. त्यांनी महिने दोनदा विचारून घेतले. मग म्हणाले, “गणपतीला येतोय ना मी. तेव्हा बसून ठरवू.”

आमच्याकडे सगळं गणपतीत ठरतं. लग्न, वाटणी, विहीर, घराचा पत्रा. पुरुष मुंबईहून तेव्हाच घरी येतात. ते चूक म्हणून कुणी करत नाही, ती रीत आहे. पण माझ्या दंडातल्या स्नायूला गणपतीची सुट्टी माहीत नव्हती. गणपती सप्टेंबरात होते. तेव्हा बसायचं, ठरवायचं, मग रुग्णालयात नंबर लावायचा, तोवर नवरात्र. सहा महिने त्यातच संपणार होते.

आई बाबांशी फोनवर भांडत असताना मोठे काका, म्हणजे बाबांचे थोरले भाऊ, देवळात जाऊन आले होते. आम्हाला न सांगता. गावदेवीला कौल लावायचा म्हणजे गुरव पाण्यात भिजवलेल्या पाकळ्या मूर्तीच्या उजव्या आणि डाव्या अंगाला चिकटवतो आणि प्रश्न विचारतो. उजवी आधी पडली तर होय, डावी पडली तर नाही. काकांनी विचारलं होतं, पोरीचं ऑपरेशन करायचं का?

“देवीने डावा दिलान,” काका आमच्या पडवीत बसून म्हणाले. “मी काय करू? मी सांगितलं नाय, देवीने सांगितलान.”

मी त्यांना काय काय बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. कौलावर मी पूर्वी एका मासिकात लेख लिहिला होता, तो गावात चार जणांनी वाचला होता आणि चाळीस जणांनी ऐकला होता. काका एवढंच म्हणाले, “तू लिवलंस ना देवीवर? मग आता बघ.”

तुम्ही म्हणाल, कौल गेला खड्ड्यात, उठायचं आणि जायचं. मीही तेच म्हणत होते. पण नाडी बांधता न येणारा माणूस उठून कुठे जाणार? रुग्णालयाला नातेवाईक हवा होता, रक्त द्यायला दोघे-तिघे हवे होते, कोल्हापूरला न्यायला गाडी हवी होती. शेजारचा गाडीवाला आईला आधी हो म्हणाला होता. कौलाची बातमी फिरल्यावर त्याने मान खाली घातली. म्हणाला, वहिनी, देवीने नको सांगितलेलं मी केलं आणि ऑपरेशनच्या टेबलावर काही झालं, तर दोष माझ्या घरावर येईल. रक्त देणाऱ्या पोरांनाही अचानक ताप आले. बाबा फोनवर रडले आणि म्हणाले, देवीच्या विरुद्ध नको. कुणीही माझं वाईट चिंतत नव्हतं. सगळ्यांना माझी काळजी होती, आणि त्या काळजीनेच चारी बाजूंनी वाट बंद केली होती.

जुलै संपला.

आईचा प्रश्न

ऑगस्टच्या सुरुवातीला आई म्हणाली, “आंघोळ कर, देवळात जायचंय.”

मला वाटलं, तीही फिरली. ज्या बाईने मला निषेध वाचायला शिकवला ती मला पाकळ्यांपुढे उभी करणार. मी नाही म्हणाले. ती म्हणाली, नाही आलीस तर मी एकटी जाईन, पण तू आलीस तर बरं होईल, लोकांना तोंड दिसेल. मी चप्पल घातली. का घातली ते आजही मला सांगता येत नाही. बहुधा घरात बसून छत बघायचा कंटाळा आला होता.

देवळात पंधरा-वीस माणसं होती. काका होतेच. गुरव काका मला बघून हसले. “आज बाईंची लेक देवळात? देवी बिचकली असेल गो.” सगळे हसले. मीही जरा हसले असेन.

गुरव काकांनी गाऱ्हाणं सुरू केलं. ह्या लेकराच्या हातावर जी काय पीडा आली असेल ती दूर कर, चुकलं-माकलं पदरात घे म्हाराजा. लोक म्हणाले, होय म्हाराजा. मला हात जोडायला सांगितलं. डावा हात छातीशी नेला. उजवा तसाच लोंबत होता. सगळे थांबले. मग आईने माझं उजवं मनगट धरलं, हात वर आणला आणि डाव्याला टेकवून दोन्ही हात आपल्या मुठीत धरून ठेवले. माझ्या आयुष्यातला तेवढा एक नमस्कार मी केलेला नाही. तो माझ्याकडून करवून घेतला गेला. डोळ्यांत पाणी आलं ते भक्तीने आलं असं गावात सांगतात. ते खोटं आहे.

“काय विचारायचं?” गुरव काकांनी विचारलं.

आई पुढे झाली. कलेक्टर कचेरीबाहेर बोलायची त्या आवाजात म्हणाली, “पोरीचं ऑपरेशन गणपतीच्या आधी करू की गणपती झाल्यावर? आधी असेल तर उजवा दे. नंतर असेल तर डावा.”

काका चटकन म्हणाले, असा प्रश्न नाय चालणार, करायचं की नाय हे देवीने आधीच सांगितलंय. गुरव काकांनी क्षणभर आईकडे पाहिलं. मग म्हणाले, “भाऊ, प्रश्न विचारणाऱ्याचा असतो.” आणि पाकळ्या लावल्या.

बराच वेळ काही पडलं नाही. मी जिच्यावर विश्वास ठेवत नाही त्या गोष्टीकडे डोळे फाडून बघत होते. उजवी पाकळी पडली.

घरी येताना मी आईला म्हणाले, डावी पडली असती तर? ती वाटेवरचा चिखल चुकवत चालली होती. “तर दुसरा प्रश्न घेऊन परवा परत गेले असते. मागण्या घेऊन साहेबाकडे आपण एकदाच जातो काय?”

संध्याकाळी गाडीवाला स्वतः घरी आला.

मला इथे एक गोष्ट स्पष्ट लिहायची आहे, कारण ही हकिगत ऐकून लोक ‘बघा, रीतही कामी येते’ असं म्हणतात. नाही. ज्या दाराला कुलूपच नको होतं त्या दाराची किल्ली माझ्या आईला शोधावी लागली. प्रत्येक पोरीला अशी आई नसते. माझं मत तेच आहे.

सलीमभाई

कोल्हापूरच्या वॉर्डात सकाळ फिनाइलच्या वासाने व्हायची. मग ताप, रक्तदाब, चहा, डॉक्टरांची फेरी, आणि मग दिवसभर काहीच नाही. बायकांचा आणि पुरुषांचा वॉर्ड वेगळा, पण व्यायामाची खोली एकच. तिथे सलीमभाई भेटले. रत्नागिरीच्या बंदरावरून मासळीचा टेंपो चालवायचे. त्यांचाही उजवा हात. मोटारसायकलवरून पडले होते. हाड शाबूत होतं.

ते आले होते दीड वर्षाने. आधी फोटो, मग चोळणं, मग एका दर्ग्यावरची चिठ्ठी, मग टेंपोचे हप्ते. मला म्हणाले, “ताई, तुमी बस सुटायच्या आधी स्टँडवर आलात. मी आलो तवा कंडक्टर घरी जेवत होता.” आता नसेची वेळ गेली होती. डॉक्टर दुसरीकडचा चालू स्नायू फिरवून कोपराला जोडणार होते, निदान हात तोंडापर्यंत जावा म्हणून. ते मोठ्याने हसायचे, नर्सला ‘बहिणाबाय’ म्हणून चिडवायचे आणि व्यायाम करताना भिंतीकडे तोंड करायचे.

शस्त्रक्रियेच्या आदल्या दिवशी डॉक्टरांनी मला समजावलं. खांद्यासाठी मानेतली एक नस वळवायची. कोपरासाठी हाताची नस उसनी घेता आली असती, पण माझ्या बोटांत आधीच जोर कमी होता. म्हणून ती बरगड्यांमधून घ्यायची. त्या नसा श्वासाच्या असतात. त्यामुळे पुढे हात वाकला तर सुरुवातीला तो श्वासाबरोबर वाकेल. श्वास आत घेतलास, खोकलीस, ओरडलीस की दंडात हालचाल होईल. मग हळूहळू मेंदू शिकेल.

“आणि नाही वाकला तर?” मी विचारलं.

“तर मग श्वास घेशीलच, पण हात तसाच राहील.”

एक गोष्ट त्यांनी सांगितली नाही, ती नर्सने सांगितली. बरगडीतल्या नसा काढल्या की छातीच्या त्या बाजूला बधिरपणा येतो. बाईने बाईला कुजबुजत सांगितलं. मी ते मोठ्याने लिहिते आहे. माझ्या उजव्या छातीला आता अर्धवट कळतं. हे आधी सांगा, डॉक्टर. आम्ही तरीही हो म्हणू, पण सांगा.

पट्टा

शुद्धीवर आले तेव्हा हात छातीला पट्ट्याने घट्ट बांधलेला होता. जोडलेली नस सुटू नये म्हणून तसाच ठेवायचा होता, काही आठवडे. मोठा श्वास घ्यायचा नाही. हसायचं नाही. खोकला आला तर उशी दाबून धरायची. आधी मी लोंबत्या हातात अडकले होते, आता हात माझ्यात अडकला. पट्ट्याखाली घाम, खाज, टाक्यांची आग.

गणपतीला बाबा आले. त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं नाही. विसर्जनाच्या दिवशी त्यांनी मला स्वतःच्या हाताने मोदक भरवला आणि म्हणाले, “माझं चुकलं नाय हां, मी घाबरलो होतो.” मी मोदक खाल्ला.

मग सुरू झालं ते सगळ्यात कठीण. वाट पाहणं. नस दिवसाला तांदळाच्या कणीच्या जाडीएवढी सरकते म्हणतात. बाहेरून काही म्हणजे काही दिसत नाही. पट्टा सुटल्यावर रोज आई माझं कोपर वाकवायची आणि सरळ करायची, सांधा आखडू नये म्हणून. रत्नागिरीच्या व्यायामवाल्या मॅडमनी शिकवलं होतं. श्वास आत घे आणि मनाने हात वाकव. मी श्वास घ्यायचे. मनाने वाकवायचे. आई दंडावर हात ठेवून बघायची आणि मान हलवायची. दिवाळी गेली. संक्रांत गेली. मॅडम म्हणायच्या, अजून वेळ आहे. डॉक्टर म्हणायचे, अजून वेळ आहे. सलीमभाईंचा फोन आला, त्यांचं कोपर थोडं वाकत होतं, ते खूश होते. मी अभिनंदन केलं, फोन ठेवला आणि उशीत तोंड खुपसलं.

यातून जाणाऱ्यांना सांगण्यासारखं माझ्याकडे फार नाही. कोपर रोज हलवत राहा. बधिर जागा गरम वस्तूंपासून जपा. आणि कुणी विचारलं ‘आता कसं आहे’, तर खरं सांगा. ‘बरं आहे’ म्हणायची गरज नाही.

पालखी

शिमग्याला गावदेवीची पालखी घरोघर येते. तिच्यापुढे घरातल्या बायका ओटी भरतात. काकांनी गावभर सांगितलं होतं की देवीने उजवा दिलान म्हणून पोरीची शस्त्रक्रिया सुखरूप झाली, यंदा ती स्वतः ओटी भरणार. हात हलतो का, हे त्यांना कुणी विचारलं नाही.

पालखी शेजारच्या अंगणात नाचत होती. ढोल इतका जवळ की पडवीतली भांडी थरथरत होती. आई मागच्या खोलीत मला नवी कुर्ती घालत होती. बधिर हात बाहीत घालायचा तर दंडाला धरून आत सरकवावा लागतो, तशी तिने मला धरलेली. म्हणाली, “दोन मिनिटं उभी राहा. नारळ मी धरीन.”

मी म्हणाले, नाही.

ती म्हणाली, माणसं दारात आहेत.

मग मी सुटले. वर्षभराचं सगळं एकदम बाहेर आलं. मी ओरडून म्हणाले की ह्या हातासाठी दोन महिने मी ह्याच माणसांपुढे भीक मागितली, ह्यांनीच गाडी नाकारली, आणि आता तोच हात मी त्यांना मिरवायला देऊ? कशाचा मान? हा हात अजून मेलेला आहे, आई, हे कुणालातरी दिसतंय का? आणि बरा झालाच, तर तो त्या डॉक्टरांचा आहे, तुझा आहे, माझा आहे, पाकळीचा नाही!

आई माझ्याकडे बघत नव्हती. तिची नजर तिच्या स्वतःच्या हातावर होती, जो अजून माझ्या दंडाभोवती होता.

“गप,” ती म्हणाली.

“मी गप बसणार नाही.”

“नको बसू. परत बोल.”

“काय?”

“तेच. मघाचं.” तिचा आवाज बारीक झाला होता. तिने दुसरा हातही माझ्या दंडावर ठेवला, बोटं पसरून, नाडी शोधावी तशी. बाहेर काकांनी नावाने हाक मारली. तिने दाराकडे पाहिलंसुद्धा नाही.

“आतमध्ये काहीतरी फडफडलं गो. तू ओरडलीस तेव्हा. परत भांड बाय, जोरात भांड.”

मी श्वास घेतला.